कोळीवाड्यातली सौदामिनी

१ जून ते ३१ जुलै मासेमारी बंद. होड्या वर ओढलेल्या, पुरुष जाळी दुरुस्त करत बसलेले आणि बायका सुकट-बोंबील विकून घर चालवतायत. अलिबागजवळच्या एका कोळीवाड्यात मी वाचनालय सांभाळते. एरवी या बायकांना आमच्या पायऱ्या चढायलाही फुरसत नसते. म्हणून गेल्या पावसाळ्यात मी त्यांच्यासाठी एक सिनेमा ठेवला, दुर्गा खोट्यांचा. उतारवयात बाई अलिबागला येऊन राहिल्या होत्या, तरी इथे त्यांची ओळख म्हणजे 'मुघल-ए-आझम'मधली जोधाबाई, फार तर 'बॉबी'तली आजी. सोशिक आई, करारी आजी, एवढ्यावरच त्यांना संपवलेलं मला आवडत नाही. म्हणून मी निवडला प्रभात फिल्म कंपनीचा, १९३६चा 'अमर ज्योती'.

दुपारी बायका आल्या त्या पाट्या घेऊनच. खोलीभर सुकटीचा वास. सिनेमा सुरू झाला आणि पावसानेही जोर धरला. पत्र्यावर असा तडतडायला लागला की स्पीकर पुरता वाढवूनही शब्द कळेना. त्यात जुनी हिंदी. शेवटी मी पडद्याशेजारी उभी राहिले आणि मोठ्याने गोष्ट सांगू लागले. दुर्गाबाई यात सौदामिनी झाल्यात. सौदामिनीला कायदा तिचं मूल देत नाही. बाईचा मुलावर हक्कच नाही, असं राज्याचा न्यायमंत्री म्हणतो. मग ती राज्याविरुद्ध उठते, चाचेगिरी करते, समुद्रात शाही जहाज गाठते.

जहाजावरची दुर्गाबाई पडद्यावर आली आणि कुजबुज थांबली. ताठ मान, एकटक नजर. त्या नजरेपुढे संवाद ऐकू आले नाहीत तरी काही अडत नव्हतं. पुढे बसलेल्या एक वयस्क मावशी म्हणाल्या, "पोर हिसकावल्यावर बाय गप कशी बसंल?" त्यावरून मागे वाद पेटला. कुणाची सून माहेरी गेली तेव्हा नातू कुणाकडे राहिला, कोर्टात काय झालं, सगळं निघालं. अर्धा सिनेमा त्या गलक्यातच गेला. मी गप्प केलं नाही, कारण इतक्या वर्षांत वाचनालयात अशी चर्चा मी ऐकली नव्हती.

सिनेमा संपल्यावर त्याच मावशींनी विचारलं, "हिला कामाला घातली कोणी?"

मी सांगितलं. मुंबईतल्या सधन लाड घराण्यातली मुलगी, झेवियर्समध्ये शिकलेली. सासरची आर्थिक घडी विस्कटली, पदरात दोन मुलगे, म्हणून कामाला बाहेर पडली. ऐन तरुणपणी वैधव्यही आलं. पहिल्याच सिनेमात, १९३१च्या 'फरेबी जाल'मध्ये, जेमतेम दहा मिनिटांचं काम मिळालं आणि त्यापायी समाजाने नावं ठेवली. पुढच्याच वर्षी प्रभातच्या दिग्दर्शक शांतारामबापूंनी तिला 'अयोध्येचा राजा'त तारामती केलं. त्या काळी नटनट्या कंपनीच्या महिन्याच्या पगारावर असायच्या, दुसरीकडे काम करायची मुभा नसायची. दुर्गाबाई मात्र प्रभात सोडून कलकत्त्याला न्यू थिएटर्स या चित्रपट कंपनीकडे गेल्या, पुन्हा प्रभातकडे आल्या, जिथे चांगलं काम तिथे गेल्या.

"म्हंजे उचल घेऊन एका व्यापाऱ्याला बांधून नाय घेतलान," मावशी म्हणाल्या.

आसपासच्या बायकांनी माना डोलावल्या. व्यापाऱ्याकडून उचल घेतली की माल त्यालाच घालायचा, तो देईल त्या भावाने, हे त्या रोज भोगतात. मी दुर्गाबाईंवर बरंच वाचलंय, पण त्यांच्या त्या निर्णयाला किती जिगर लागली असेल ते मला त्या वाक्याने कळलं. पदरी मुलं असताना बांधील पगार सोडणं म्हणजे काय, हे ज्यांना माहीत आहे त्यांनीच ते ओळखलं.

"आणि म्हातारपणी?" एकीने विचारलं. पन्नास वर्षं काम केलं, १९८३ला फाळके पुरस्कार मिळाला, हे सांगितलं. त्याचं कुणाला फारसं काही वाटलं नाही. पण त्यांची स्वतःची कंपनी होती आणि १९८८ची दूरदर्शनवरची 'वागळे की दुनिया' त्याच कंपनीची, म्हटल्यावर एकच गलका उठला. चाळिशीपुढच्या सगळ्याजणींना वागळे आठवत होते. ऐंशी ओलांडल्यावरही बाईची कंपनी चालू होती, याचं त्यांना खरं कौतुक.

पुढच्या रविवारी 'अयोध्येचा राजा' लावायचं ठरलं. दुपारी दोनला, म्हणजे संध्याकाळच्या बाजाराला उशीर व्हायला नको.