आयझेनहॉवर यांची चिठ्ठी

आज दुपारभर मी एका लहानशा कागदाचे छायाचित्र पडद्यावर मोठे करून पाहत बसलो होतो. दुसऱ्या महायुद्धात फ्रान्सच्या नॉर्मंडी किनाऱ्यावरील आक्रमणाच्या आदल्या दिवशी, 5 जून 1944 रोजी, दोस्त सैन्याचे सरसेनापती ड्वाइट आयझेनहॉवर यांनी ही चिठ्ठी पेन्सिलीने लिहिली. मोहीम फसलीच, तर जाहीर करण्यासाठी. सैन्य, हवाई दल आणि नौदल यांनी शौर्याने व निष्ठेने जे करता येईल ते सर्व केले, दोष असेल तर तो केवळ माझा, एवढाच तिचा आशय आहे.

खराब हवामानामुळे मोहीम एक दिवस लांबलेली, छत्रीधारी सैनिकांची जबर हानी होईल असा हवाई दलाच्या प्रमुखांनी इशारा दिलेला, आणि अंतिम शब्द एकट्या आयझेनहॉवर यांचा. त्या ताणात तारीखही चुकली आहे: जूनऐवजी जुलै. मला मात्र सर्वांत जास्त हलवले ते एका खाडाखोडीने. ‘ही विशिष्ट मोहीम’ हे शब्द खोडून त्यांनी ‘हल्ला करण्याचा माझा निर्णय’ असे लिहिले आहे, आणि शेवटच्या ‘केवळ माझा’ या शब्दांखाली रेघ ओढली आहे. जबाबदारी स्वतःकडे घेताना माणूस व्याकरणसुद्धा कसे बदलतो, हे इतक्या जवळून मी प्रथमच पाहिले.

त्याच संध्याकाळी ते इंग्लंडमधील ग्रीनहॅम कॉमन या विमानतळावर त्या छत्रीधारी सैनिकांना भेटायला गेले. चिठ्ठीची गरज पडली नाही. जुलैमध्ये त्यांचे नौदलातील सहायक हॅरी बुचर यांनी ती मागून घेतली, म्हणूनच ती उरली.