मोंतेनच्या मनोऱ्यात: तळमजला ते दुसरा मजला

सँ-मिशेल-द-मोंतेन हे फ्रान्सच्या दोर्दोन्य जिल्ह्यातलं, द्राक्षमळ्यांच्या मधोमध वसलेलं छोटं गाव. इथे येणाऱ्यांची पहिली गल्लत वाड्यापाशीच होते. आत शिरल्यावर नजरेत भरणारा मोठा शातो, म्हणजे वाडा, हा निबंधकार मिशेल द मोंतेन (१५३३–१५९२) याच्या वेळचा नाही. जुना वाडा १८८५च्या आगीत जळाला आणि त्या जागी हा उभा राहिला. आगीतून वाचला तो अंगणाच्या कोपऱ्यातला गोल दगडी मनोरा, आणि यायचं ते त्याच्यासाठी.

पॅरिसहून बोर्दोला टीजीव्ही या अतिवेगवान रेल्वेने साधारण दोन तास लागतात. तिथून बर्जराककडे जाणारी लोकल गाडी धरून कास्तियों-ला-बाताय किंवा लामोत-मोंत्राव्हेलला उतरायचं. लामोत जवळ पडतं, पण तिथे थांबणाऱ्या गाड्या बघून ठेवाव्या लागतात. पुढचे काही किलोमीटर चढाचे आहेत, तेव्हा भाड्याची गाडी किंवा सायकल असलेली बरी. जागा खासगी मालकीची आहे. मनोरा फक्त मार्गदर्शकाबरोबर बघता येतो आणि फेऱ्यांच्या वेळा हंगामानुसार बदलतात, म्हणून त्या आधी तपासून मगच गाडीचं तिकीट काढावं.

तळमजल्यावर छोटं प्रार्थनाघर, पहिल्या मजल्यावर शेजघर, दुसऱ्यावर ग्रंथालय. मधे दगडी गोल जिना आहे. पायऱ्या अरुंद आणि झिजलेल्या आहेत, त्यामुळे चांगली पकड असलेले बूट हवेत.

‘जगाकडे पाठ फिरवून मनोऱ्यात बसलेला विचारवंत’ ही मोंतेनची नेहमीची ओळख मला इथे पटत नाही. या मनोऱ्याचा प्रत्येक मजला त्या काळच्या समाजाला बांधलेला आहे. शेजघराच्या भिंतीत एक झरोका आहे. खाली चाललेली मिस्सा, म्हणजे कॅथलिक प्रार्थनाविधी, त्यातून वर ऐकू येते. कॅथलिक आणि प्रोटेस्टंट १५६२पासून एकमेकांच्या जिवावर उठले होते, त्या प्रदेशातला हा कॅथलिक जमीनदार. त्याने वाड्याला तटबंदी वाढवली नाही, पहारे बसवले नाहीत. दाराशी एक जुना द्वारपाल, बस्स. बंदोबस्त केला की हल्ला करणाऱ्याला चेव येतो, असं त्याचं म्हणणं होतं. प्रोटेस्टंटांचा नेता आणि पुढे फ्रान्सचा राजा झालेला नावारचा आंरी याच घरी १५८४ आणि १५८७ मध्ये मुक्कामाला होता.

दुसरा मजला पूर्वी कपडे ठेवायची खोली होती. घरातली सगळ्यात निरुपयोगी जागा, असं मोंतेनच म्हणतो. खोली गोल, सपाट भिंत फक्त टेबल-खुर्चीपुरती. बाकी गोलाईभर पुस्तकांच्या पाच ओळी, व्यास सोळा पावलं. पुस्तकं हजाराच्या घरात होती. जिवलग मित्र एत्येन द ला बोएसी १५६३मध्ये वारला, त्याने ठेवलेली पुस्तकंही त्यांतच होती. आज भिंती उघड्या आहेत. संग्रह त्याच्या पश्चात पांगला आणि त्यातली ओळख पटलेली शंभरेक पुस्तकं निरनिराळ्या ग्रंथालयांत आहेत. हे ठाऊक नसेल तर खोलीत पाऊल टाकताच निराशा होते.

बघायचं ते वर. छताच्या तुळयांवर आणि आडव्या वाशांवर ग्रीक आणि लॅटिन वचनं रंगवलेली आहेत: बायबलचं उपदेशक पुस्तक, सेंट पॉल, संशयवादी सेक्स्टस एम्पिरिकस, नाटककार टेरेन्स. काही ठिकाणी जुनं वचन रंगाखाली झाकून वर नवं लिहिलेलं दिसतं. अक्षरं फिकट आहेत आणि उजेड कमी, म्हणून छोटी दुर्बीण आणि वचनांची छापील यादी बरोबर असावी. एका जागी उभं राहून सगळी वाचता येत नाहीत. वाशांच्या दिशेने सरकत, मान वर करून वाचायची. बसलं की माझे विचार झोपी जातात, असं लिहिणाऱ्या माणसाच्या खोलीत हे चालत वाचणं अगदी चपखल बसतं.

तिन्ही खिडक्यांपाशी थांबा. इथून त्याला बाग, अंगण आणि घरातली बरीचशी लगबग दिसायची. कारभारावर नजर राहायची. शेजारच्या लहान खोलीत शेकोटी आहे, कारण टेकडीवरच्या या मजल्यावर वारा फार. तिथल्या भिंतीवरचा १५७१चा लॅटिन लेख सांगतो, की दरबारी आणि सरकारी कामांना कंटाळून तो इथे आला. त्याआधी, १५७०मध्ये, त्याने बोर्दोच्या न्यायसभेतलं पद विकलं होतं. तेव्हा अशी पदं रीतसर विकत घेतली-दिली जात. निवृत्ती मात्र टिकली नाही. १५८१ ते १५८५ तो बोर्दोचा महापौर होता.

बोर्दोला एक दिवस राखून ठेवाच. ‘निबंध’ हे त्याचं पुस्तक पहिल्यांदा १५८०मध्ये इथल्याच सिमों मिलांजने छापलं. १५८८च्या आवृत्तीची मोंतेनची स्वतःची प्रत शहराच्या ग्रंथालयात आहे. छापील मजकुराभोवतीचे समास त्याने शेवटच्या चार वर्षांत दाट अक्षरांत भरून काढले. खोडलं कमी, वाढवलं जास्त. पुढे बांधणी करताना कडा कापल्या गेल्या आणि काही ओळींची टोकं गेली. म्हणून संपादकांना त्याची मानसकन्या मारी द गुर्ने हिने १५९५मध्ये काढलेली आवृत्ती शेजारी ठेवावी लागते. अस्सल प्रत सहसा बाहेर काढत नाहीत. पानांची छायाचित्रं इंटरनेटवर आहेत, ती आधी पाहून या.

मग आकितेन संग्रहालयात त्याचं स्मारक पाहा. ते पाहताना त्याचं घराणं आठवावं: पणजोबा रामों एकेम बोर्दोचा व्यापारी. खारवलेले मासे, वाइन आणि निळ्या रंगाच्या धंद्यात पैसा करून त्याने १४७७मध्ये मोंतेनची जहागीर घेतली. एकेम हे आडनाव सोडून नुसतं मोंतेन लावणारा घराण्यातला पहिला मिशेल. पत्नी फ्रांस्वाजने करवून घेतलेल्या दगडी मूर्तीत तो हात जोडून, पूर्ण चिलखत घालून आडवा आहे, पायाशी सिंह. हातात पुस्तक नाही.