एकच करडा, दोन रूपं

आज दिवसभर एका करड्या रंगाशी भांडले. एकाच कागदाचे दोन तुकडे कापले. एक पिवळ्यावर चिकटवला, एक निळ्यावर. पिवळ्यावरचा गडद, जांभळट. निळ्यावरचा उजळ, किंचित नारिंगी! स्वतः कापलेत हे माहीत असूनही डोळे ऐकेनात. पुठ्ठ्याला दोन भोकं पाडून त्यातून पाहिलं, तेव्हा कुठे सारखे दिसले. पुठ्ठा हटवला, की पुन्हा तेच.

पॅरिसच्या गोब्लँ या चित्रपडदे विणणाऱ्या कारखान्यात धाग्यांच्या रंगाईचं काम पाहणाऱ्या शेव्रलकडे काळा धागा फिका दिसतो अशी तक्रार आली होती. दोष रंगात नव्हता, शेजारच्या रंगांत होता. १८३९ साली त्यावर त्याने जाडजूड ग्रंथच काढला. (रसायनतज्ज्ञ होता, चित्रकार नव्हे!)

हे सगळं ठाऊक असून संध्याकाळी मी निळ्यावरचा तुकडा 'जरा गडद करू' म्हणून ब्रश उचललाच.