हजेरीवही : डॉर्टमुंड गायब आणि नानांचा प्रश्न

फुटबॉलच्या सामन्यांना किती प्रेक्षक आले, याची वही मी संगणकावर ठेवतो. रविवारी रात्री तिच्यातला डॉर्टमुंड या जर्मन क्लबचा २०२३-२४ चा हंगाम माझ्या हातून पुसला गेला. घरच्या १७ सामन्यांपैकी बोटांवर मोजण्याइतक्या ओळी उरल्या. खाली सरकलो तर बायर्नचीही तीच गत. जुलै उजाडला तरी पावसानं ओढ दिलेली, लाइट गेलेली, इन्व्हर्टरवर एक पंखा कसाबसा फिरतोय आणि मी घामाघूम होऊन तेच पान वर-खाली करतोय.

चूक साधी होती. माइन्ट्‌सचा एक सामना दोनदा टाइप झालेला दिसला, म्हणून सगळ्या जर्मन पानावर दुबार ओळी काढायची आज्ञा फिरवली. टिक करताना यजमान क्लब आणि प्रेक्षकसंख्या या दोनच रकान्यांवर केली, तारखेवर करायची राहिली. यंत्रानं हुकूम पाळला, मी सवयीनं सेव्ह केलं. बॅकअप होता, पण अठरा दिवसांपूर्वीचा. आणि जर्मन पान भरलं ते नेमकं या अठरा दिवसांत. बॅकअपवरून मी आजवर ज्यांना ज्यांना सुनावलंय, त्यांनी आता हसून घ्यावं.

पण या पुसापुशीतूनच वर्षातला सगळ्यात कामाचा धागा हाती लागला. वोल्फ्सबुर्ग, होफनहाइम, माइन्ट्‌स यांना फारसा धक्का लागलाच नव्हता. गेले ते डॉर्टमुंड, बायर्न आणि चिमुकलं हायडनहाइम. कारण डॉर्टमुंडच्या जवळजवळ प्रत्येक ओळीत ८१,३६५, बायर्नच्या ओळीत ७५,०००, हायडनहाइमच्या ओळीत १५,०००. आठवड्यामागून आठवडे तोच आकडा. टाइप करताना हे माझ्या डोळ्यांसमोरून गेलं होतं, पण ‘हाउसफुल्ल, वा!’ म्हणून पुढे सरकलो होतो. आता म्हटलं, थांबा. फेब्रुवारीच्या थंडीत ८१,३६५ पैकी एकाचीही गाडी चुकली नाही? एकाच्याही घरी लग्न नाही, कुणाला ताप नाही?

सकाळी नाना चहाला आले. फैजपूरकडे त्यांची केळीबाग आहे, सहा हजार खोडं. माझा चेहरा बघून काय झालं विचारलं. मी सांगितलं. बशीत चहा ओतत म्हणाले, “मले एक सांग, तू खोडं मोजू राह्यला का घडं?”

बाहेरच्यांसाठी सांगतो. आमच्या यावल-रावेर पट्ट्यात बाग किती मोठी हे एकरात नाही, खोडात सांगतात. पण खोडं म्हणजे लागण, लावलेली झाडं. वादळानं किती आडवी पाडली, सीएमव्ही हा विषाणूचा रोग आला म्हणून किती उपटून फेकली आणि शेवटी कापणीला किती घड निघाले, हा हिशेब वेगळा. सोयरीक जुळवताना खोडं सांगतात, व्यापाऱ्यासमोर घडं मोजावी लागतात.

फुटबॉलमध्ये हेच चाललंय. सीझन तिकीट (हंगामभराच्या घरच्या सामन्यांचं एकच तिकीट) विकलं गेलं की तो माणूस हजर, मग तो घरी पांघरूण घेऊन झोपलेला का असेना. इंग्लंडमधले क्लबही बहुतेक खोडंच जाहीर करतात. दरवाज्यातून खरोखर किती शिरले, तो आकडा पोलिसांकडे किंवा पालिकेकडे असतो आणि माहिती अधिकारात मागितला तर कधीकधी हजारोंनी कमी निघतो.

तर मंडळी, वहीत आता ‘प्रेक्षकसंख्या’ नावाचा रकाना नाही. खोड (विकलेली तिकिटं), घड (दरवाज्यात मोजलेली माणसं) आणि नजर (कुणीतरी डोळ्यांनी केलेला अंदाज) असे तीन आहेत. नावं हीच राहणार, हसायचं त्यांनी हसा.

पहिला फटका बसला माझ्या लाडक्या १९४८-४९ ला. इंग्लिश लीगचा तो हंगाम, ४,१२,७१,४१४ प्रेक्षक, चार विभागांत मिळून ८८ क्लब. प्रत्येक विभागात २२ क्लब, म्हणजे ४६२ सामने, एकूण १,८४८. सरासरी येते २२,३३३. ही सरासरी मी आजच्या लीगच्या शेजारी मांडून दोन तक्ते काढले होते, तुम्ही ते पाहिलेत. ते आता बाद समजा. त्या काळी बहुतेक माणूस दरवाज्यावर पैसे टेकवून फिरत्या दांड्यातून आत जायचा, म्हणजे ती घडं. आजची खोडं. दोन्ही एका आलेखात घालणं म्हणजे लागणीचा आकडा घेऊन काट्यावर जाणं.

आणि उलटंही होतं. १६ जुलै १९५०, रिओचं माराकाना मैदान, विश्वचषकाचा उरुग्वे-ब्राझील सामना. पैसे देऊन आलेले १,७३,८५०, पण एकूण म्हणून १,९९,८५४ सांगतात. इथे घडं खोडांपेक्षा जास्त! नानांना सांगितलं तर म्हणाले, “मंग पिलं धरली असतीन.” पिल म्हणजे केळीच्या बुडाशी आपसूक फुटणारं रोप. चौथा रकाना तिथल्या तिथे उघडला : पिल. फुकट्यांसाठी, पासवाल्यांसाठी, भिंतीवरून आलेल्यांसाठी. त्यातली पहिली नोंद अर्थातच लंडनचं वेम्बली, २८ एप्रिल १९२३, एफए कपचा अंतिम सामना. अधिकृत १,२६,०४७, आणि भिंती चढून आलेले धरले तर दोन लाखांच्या पुढचे अंदाज. गर्दी मैदानात उतरली आणि ती मागे सारायला पोलिसांच्या घोड्यांमध्ये बिली नावाचा एक घोडा. रंगानं करडा, पण फिल्ममध्ये पांढरा दिसला म्हणून सामन्याचं नावच ‘पांढऱ्या घोड्याचा’ पडलं. सारंगखेड्याच्या घोडेबाजारात करडा घोडा पांढरा म्हणून खपवला असता तर लोकांनी काय केलं असतं, सांगायला नको.

आता मुख्य डोकेदुखी. गेले तीन आठवडे ज्यानं खाल्ले, ती लाल खूण.

प्रेक्षकसंख्या मैदानाच्या क्षमतेपेक्षा जास्त झाली की चौकट लाल व्हावी, असं सूत्र मी लावलं होतं. भोळा समज असा की लाल दिसलं म्हणजे माझी टायपिंगची चूक. सूत्र लावल्या लावल्या टॉटनहॅमचं २०१७-१८ चं पान कुंकवासारखं झालं. क्षमता मी क्लबच्या नावाला बांधली होती, व्हाइट हार्ट लेनची, छत्तीस हजारांची. ते मैदान पाडून नवं बांधत होते आणि क्लब वर्षभर वेम्बलीवर खेळत होता. १० फेब्रुवारी २०१८ ला आर्सेनलविरुद्ध ८३,२२२. ठीक, क्षमता क्लबवरून काढून मैदानाला बांधली. त्यानं मँचेस्टर युनायटेडचा १७ जानेवारी १९४८ चा सामनाही सुटला. त्यांच्या ओल्ड ट्रॅफर्ड मैदानावर १९४१ मध्ये बाँब पडले होते, म्हणून ते शेजारच्या मँचेस्टर सिटीच्या ‘मेन रोड’ नावाच्या मैदानावर खेळत होते. (तिथले ८३,२६० की ८१,९६२, हे भांडण वेगळं. दोन्ही आकडे छापलेले सापडतात.)

मग कोलकात्याचं सॉल्ट लेक मैदान लाल. १३ जुलै १९९७, फेडरेशन कपची उपांत्य फेरी, ईस्ट बंगाल ४, मोहन बागान १, भायचुंग भुतियाची हॅटट्रिक, १,३१,७८१ प्रेक्षक. मी आजची क्षमता लावली होती. तेव्हा बाकं होती, नंतर खुर्च्या बसवल्या आणि जागा घटली. म्हणून क्षमतेला तारीख जोडली. तेव्हाची क्षमता १,२०,००० घातली, तरीही लाल. बाकावर सरकून बसायचं किती हे बसणाऱ्याच्या हातात असतं, आपल्या एसटीत तिघांच्या सीटवर चौथा बसतो तसं. ही लाल खूण मी तशीच ठेवली आहे, ती चूक नाही.

एवढं करून वाटलं, सुटलो. तर पुन्हा डॉर्टमुंड! तेच मैदान, त्याच वर्षात, लीगला ८१,३६५ आणि युरोपच्या स्पर्धेला साधारण ६६,०००. दक्षिणेकडच्या स्टँडमध्ये जवळपास पंचवीस हजार लोक उभे राहतात. युरोपच्या सामन्यांना उभं राहायला मनाई होती, म्हणून तिथे खुर्च्या लावायच्या आणि तेवढी माणसं कमी. २०२२-२३ पासून युएफा या युरोपच्या फुटबॉल संघटनेनं काही देशांत उभं राहायला प्रायोगिक परवानगी दिली, तेव्हा पुन्हा ८१,३६५. म्हणजे मैदान, तारीख आणि स्पर्धा, तिन्ही मिळून एक क्षमता. जर्मन पानावर हे सूत्र लिहायला दोन रात्री गेल्या.

शेवटचा घाव कतारच्या विश्वचषकाचा. २० नोव्हेंबर २०२२, उद्घाटनाचा सामना, अल बैत मैदान, ६७,३७२. क्षमता म्हणून मी ६०,००० लिहिलेली, कारण आधी सगळीकडे तीच छापलेली. माझी चूक समजून तासभर शोधत बसलो. नंतर कळलं, स्पर्धा सुरू झाल्यावर क्षमतेचे आकडेच बदलले, अल बैत ६८,८९५ झालं. आकडा क्षमतेत बसेना म्हणून क्षमताच वाढवली! लुसैल मैदानाचंही तसंच, ८०,००० चे ८८,९६६. आणि तिथे अर्जेंटिना-मेक्सिको ८८,९६६, अर्जेंटिना-क्रोएशिया ८८,९६६, अंतिम सामना ८८,९६६. ओळखीचं वाटतंय ना? खोड.

हे लिहिता लिहिताच वाटू लागलंय की लाल खूण बंदच करावी. क्षमतेच्या मागे धावण्यापेक्षा एका हंगामात एकच आकडा किती वेळा आला, तेवढं मोजलं तरी खोड-घड वेगळं करता येईल. हो, हेच करतो. तीन आठवडे पाण्यात गेले, पण दोन रात्रींच्या त्या सूत्राची एक प्रत ठेवतो, मन होत नाही पुसायला.

दुसरी एक चाचणी मात्र पहिल्याच फटक्यात जमली. शेवटचा अंक बघायचा. खरोखर मोजलेल्या आकड्यांच्या शेवटी ० ते ९ साधारण सारखेच येतात. माणसानं नजरेनं ठरवलेला आकडा बहुधा शून्यावर नाहीतर पाचावर थांबतो. १९८६ चा बार्सिलोना-युव्हेंतुस सामना, काम्प नोउ मैदान, १,२०,००० : नजर. ग्लासगोच्या हॅम्पडेन मैदानावरचा १९६० चा युरोपियन कप अंतिम सामना, रेआल माद्रिद ७, फ्रँकफुर्ट ३ : एका ठिकाणी १,२७,६२१, दुसरीकडे १,३५,०००. कोणता मोजलेला, सांगायला नको. बायर्नचे ७५,००० या चाचणीत नजर ठरतात आणि आधीच्या चाचणीत खोड, म्हणून दोन्ही चाचण्या सोबतच चालवायच्या.

ही चाचणी घरच्यांवर करून पाहिली. भुसावळला रेल्वेच्या मैदानावर संध्याकाळची मॅच होती. दोन मित्रांना आणि चहावाल्याला विचारलं, माणसं किती? ८००, १,२००, १,५००. मी दरवाज्याशी बोटात जपाचं काउंटर घालून उभा. साठ रुपयांचं, सारंगखेड्याच्या यात्रेत घेतलेलं. क्लिकरपेक्षा हेच बरं, आवाज येत नाही आणि लोकांना वाटतं माणूस भाविक आहे. खोट एकच, रीसेटचं बटण मोजायच्या बटणाला खेटून. ४१२ वर अंगठा घसरला आणि पडद्यावर शून्य. तिथून पुढे २३१. बेरीज ६४३, पण मधे घाबरून बघत बसलो तेवढ्यात जे शिरले ते गेले. म्हणजे माझ्या स्वतःच्या घडालाही ‘सुमारे’ लावावं लागतंय. तरी तिघांचे अंदाज शून्यावर संपले आणि माझा तीनवर, याचा आनंद मी दोन दिवस पुरवून खाल्ला.

करोनाचे शून्य सगळे रिकाम्या चौकटी केले. बुंडेसलिगाच्या, म्हणजे जर्मन लीगच्या, २०१९-२० च्या शेवटच्या ९ फेऱ्या सरासरीत शून्य धरणं चुकीचं. कुणी आलं नाही असं नव्हतं, कुणाला येऊच दिलं नव्हतं.

स्कॉटलंडचं पान दिवाळीपर्यंत संपवणार होतो, ते आता होत नाही. आधी जर्मन पान पुन्हा टाइप करायचं. शिवाय जुन्या वार्षिकांकांच्या ज्या विक्रेत्याकडून मी दोन खंड मागवले, त्यानं नेमकी स्कॉटलंडची पानं ओल लागून चिकटलेली पाठवली, वर फोनवर म्हणतो, ‘वाफेवर धरा, सुटतील.’ धरली. शाईही सुटली. त्यामुळे १७ एप्रिल १९३७ चा हॅम्पडेनचा स्कॉटलंड-इंग्लंड सामना अडकलाय. १,४९,४१५ की १,४९,५४७? हा अंदाज नाही, शेवटचे अंकच सांगतात, दोन्ही कुणीतरी मोजलेले आहेत. मग मधली १३२ माणसं कोण? एका आकड्यात पासवाले धरले असतील आणि दुसऱ्यात नसतील, असा माझा तर्क, पण तर्काला वहीत रकाना नाही. कुणाकडे त्या आठवड्याचं ग्लासगोचं वर्तमानपत्र असेल तर तेवढं एक कात्रण बघा.

पुढच्या रविवारी भुसावळला परत मोजणी, या वेळी दोन्ही दरवाज्यांवर. नवं काउंटर घ्यायचं तर यात्रेला अजून पाच महिने आहेत. तोवर रीसेटच्या बटणावर सायकलच्या ट्यूबचा तुकडा चिकटवून काम चालवतोय.