दांडिया बाजारातलं कपाट

“पुस्तकांचं कपाट रिकामं करतेय. हवं ते येऊन घेऊन जा, नाहीतर पस्तीवाल्याला बोलावते,” मावशी फोनवर म्हणाली. पस्तीवाला म्हणजे आपला रद्दीवाला. बडोद्याच्या दांडिया बाजारातलं बावन्न वर्षांचं बिऱ्हाड आवरून ती मुलाकडे मांजलपूरला राहायला जाणार होती. तिथल्या फ्लॅटमध्ये कपाटाला जागा नाही. मी दुसऱ्याच दिवशीचं तिकीट काढलं.

बाबा गेल्यापासून, म्हणजे गेली चार वर्षं, मी एकही कादंबरी वाचलेली नव्हती. आत्मचरित्रं, पत्रं, इतिहास, जे काही घडलेलं असेल तेवढंच वाचत होते. कादंबरी हातात घेतली की दहाव्या पानावर वाटायचं, ही माणसं कुठे होती कधी? आणि पुस्तक मिटायचं. हे मी कुणाशी बोलले नव्हते. मावशीला बहुधा आवाजावरून काहीतरी कळलं असावं. “मोठी पिशवी आण,” ती म्हणाली, “पण तिच्यात काय जाईल ते मी ठरवणार.”

बोरिवलीहून सकाळची गाडी. भरूच आलं की मी अजूनही लहानपणासारखी खिडकीला जाते. नर्मदेचं ते रुंद पात्र आणि शेजारी १८८१ सालचा गोल्डन ब्रिज. तो दिसला की बडोदं आलंच. ‘वडोदरा’ पाट्यांवर असतं, आमच्या घरात ते बडोदंच. मावशीच्या बोलण्यात तर दोन्ही भाषा एकाच ताटात वाढलेल्या असतात. शेजारणीशी गुजराती, माझ्याशी मराठी, आणि मध्येच “जरा पंखो चालू कर ना.”

दुपारी शेवउसळ खाल्ली, वर लाल तरी आणि जाड शेव, मग कपाटासमोर बसलो. सागवानी, काचेच्या दारांचं. आत लेखक, विषय, भाषा असा कसलाच क्रम नाही. प्रवासवर्णनाला टेकून रहस्यकथा, तिच्या शेजारी गुजराती पाककृती, मग बंगालीतून आलेली एक कादंबरी, मग शेतीवरचं काहीतरी. मी नकळत खरी पुस्तकं एका बाजूला काढायला लागले. मावशी बघत होती. तिने माझ्या ढिगातली दोन उचलली आणि परत आत ठेवली. “एक घडलेलं घेतलंस की एक रचलेलं घ्यायचं. तुझ्या काकांचा आणि माझा हाच करार होता. ते कायम खरं आणायचे, मी गोष्टी आणायचे, आणि महिनाअखेर अदलाबदल.”

तिने पहिलं पुस्तक हातात दिलं ते विनोबांची ‘गीता प्रवचने’. १९३२ साली धुळ्याच्या तुरुंगात दिलेली, साने गुरुजींनी लिहून घेतलेली. हे मी वाचलेलं होतं. पण विनोबा बडोद्यात वाढले, इथल्या ग्रंथालयात तासन्‌तास बसले, आणि १९१६ मध्ये इंटरच्या परीक्षेसाठी मुंबईला निघालेले असताना सुरतेला उतरून काशीला गेले, हे मावशीने ज्या आपलेपणाने सांगितलं, तसं कुठल्या चरित्रात वाचायला मिळत नाही. तिच्या दृष्टीने ते आधी बडोद्याचे. “सकाळी तुला तिकडे पाठवते,” ती म्हणाली.

तिकडे म्हणजे मांडवीला, सेंट्रल लायब्ररीत.

या ग्रंथालयाची गोष्ट बडोदेकरांना पाठ असते, बाहेर मात्र फारशी कुणी सांगत नाही. नाशिक जिल्ह्यातल्या कवळाण्याचा बारा वर्षांचा गोपाळ १८७५ मध्ये बडोद्याच्या राजघराण्यात दत्तक येऊन सयाजीराव झाला, तेव्हा त्याला लिहिता-वाचता येत नव्हतं. त्याच मुलाने पुढे १९०६ मध्ये संस्थानभर प्राथमिक शिक्षण सक्तीचं आणि मोफत केलं. मग शिकलेल्यांनी वाचायचं काय, म्हणून १९१० मध्ये अमेरिकेहून विल्यम बोर्डेन नावाचे ग्रंथपाल बोलावून संस्थानात ग्रंथालयांचं जाळं उभं करायला घेतलं. महाराजांनी स्वतःची जवळपास वीस हजार पुस्तकं त्यासाठी देऊन टाकली. गावांकडे पुस्तकांच्या लाकडी पेट्या जायच्या, वाचून झाल्या की परत यायच्या. मला त्या पेट्यांचं फार अप्रूप आहे. एखाद्या खेड्यात पेटी उघडली जाते, आत काय निघेल ते कुणालाच माहीत नाही, आणि जे निघेल ते वाचायचं! आपली आवड काय, हे आधी ठरवून टाकायला मुळी संधीच नाही.

आत लोखंडी मांडण्या आणि वरच्या मजल्याला जाड काचेची जमीन. काच अशासाठी, की दिवसाचा उजेड खालपर्यंत झिरपावा. मी खाली उभी राहून एक कप्पा चाळत होते आणि हातातल्या पानावरून अचानक सावली सरकली. वर पाहिलं तर काचेतून दोन तळव्यांचे काळसर ठसे. कुणीतरी माझ्या डोक्यावर उभं राहून पुस्तक शोधत होतं. ठसे दोन पावलं पुढे गेले, थांबले, टाचा उचलल्या गेल्या, वरच्या फळीवर हात घातला असणार. मी किती वेळ तशीच मान वर करून उभी होते कोण जाणे.

तिथल्या कर्मचाऱ्यांना मी विचारलं की सयाजीरावांनी स्वतः लिहिलेलं काही बघायला मिळेल का. त्यांनी बसायला सांगितलं आणि थोड्या वेळाने एक इंग्रजी पुस्तक आणून ठेवलं. १९०१ साली छापलेलं, दुष्काळी दौऱ्याची टिपणं. पान उलटताना कडा तुटेल की काय, अशी भीती वाटत होती. १८९९-१९०० चा तो दुष्काळ गुजरातेत ‘छप्पनियो’ म्हणून ओळखला जातो, कारण विक्रम संवत १९५६ होतं. स्वतः राज्यकर्ता गावोगाव फिरतो आणि पाहिलेलं नोंदवून ठेवतो, ही गोष्टच मला थक्क करणारी वाटली. मी दुपारपर्यंत वाचत बसले. माझ्या पद्धतीचं पुस्तक होतं. घडलेलं.

घरी येऊन उत्साहाने मावशीला सांगितलं. ती झोपाळ्यावर होती. काही न बोलता उठली, कपाटातून पिवळट पुठ्ठ्याचं एक जाडजूड पुस्तक काढलं आणि म्हणाली, “मग आता त्याच दुष्काळाचं हे.”

पन्नालाल पटेल यांची ‘मानवीनी भवाई’. १९४७ ची कादंबरी. पन्नालालांचं शिक्षण जेमतेम आठवीपर्यंत, आणि त्यांना १९८५ चं ज्ञानपीठ मिळालं. गुजराती लिपी मराठी माणसाला अर्धी येतेच. शिरोरेषा पुसून टाकली की बरीच अक्षरं आपलीच, पण क, ज, ख, झ आले की अडखळायला होतं. मी एक पान वाचायला पंधरा मिनिटं घेतली. मग मावशीने चष्मा लावला, पायाने झोपाळ्याला रेटा दिला आणि वाचायला लागली. डोळे गुजराती ओळींवर आणि तोंडातून सरळ मराठी. म्हाताऱ्या बापाला उशिरा झालेला काळू, त्याची राजू, दोघांची लहानपणी जुळलेली आणि मोडलेली सोयरीक, ती मोडायला टपलेली काकी माली. मालीचं बोलणं आलं की मावशीचा आवाज चढायचा. “ही बाई आमच्या वाड्यात राहायची बरं का,” असं ती मध्येच म्हणाली, आणि मला क्षणभर ते खरंच वाटलं.

संध्याकाळपर्यंत दुष्काळ यायचाच होता, अजून तर शेतं हिरवी होती. आणि माझ्या पोटात गोळा आला, कारण सकाळी मी ती टिपणं वाचून आले होते. या माणसांपुढे काय वाढून ठेवलंय ते मला ठाऊक होतं आणि त्यांना नव्हतं. सकाळच्या पुस्तकात गावं होती. आता त्यातल्या एका घराचं दार उघडलं होतं आणि आतून बोलणं ऐकू येत होतं. मावशीने “पाणी आण गं” म्हणून पुस्तक मिटलं तेव्हा मी म्हटलं, “अजून थोडं.” चार वर्षांत कादंबरीला मी हे म्हटलं नव्हतं.

तिसऱ्या दिवशी एकटीच सयाजीबागेत गेले. जुनी माणसं तिला कामाटीबाग म्हणतात. बरोबर बाबासाहेबांचं ‘वेटिंग फॉर अ व्हिसा’ घेतलं होतं, काकांनी कधीतरी आणलेलं, अगदी छोटं. गायकवाड सरकारची शिष्यवृत्ती घेऊन १९१३ मध्ये कोलंबियाला गेलेले बाबासाहेब १९१७ मध्ये इथे नोकरीला आले आणि त्यांना राहायला जागा मिळेना. एका पारशी धर्मशाळेत नाव बदलून राहिले. वरच्या मजल्यावर एकटे, अंधार, एक लहानसा दिवा, वटवाघळं. बोलायला माणूस नाही म्हणून ते वाचत राहिले. अकराव्या दिवशी लाठ्या घेतलेले लोक आले. बाहेर पडल्यावर मुंबईची गाडी रात्री नऊला, मधले पाच तास त्यांनी याच बागेत काढले.

मी ती पानं वडाखाली बसून वाचली. समोर मुलं छोट्या आगगाडीसाठी रांगेत उभी होती. यातलं अक्षर न् अक्षर घडलेलं आहे, आणि तरी त्या दिव्याचं, त्या वटवाघळांच्या फडफडीचं वर्णन मला कादंबरीसारखं आत घेऊन गेलं. माझी ती घडलेल्याची आणि रचलेल्याची रेघ, जिच्या एकाच बाजूला मी चार वर्षं बसून होते, ती मला तिथे काही केल्या सापडेना. बराच वेळ उठवलं नाही.

शेवटी पिशवीत सोळा पुस्तकं भरली, आठ आणि आठ. लीलो चेवडो आणि भाकरवडीची पाकिटं वर ठेवली. बाकीची पुस्तकं शेजारच्या मुलीने तिच्या शाळेसाठी नेली, पस्तीवाल्याला बोलवावंच लागलं नाही. ‘मानवीनी भवाई’ पिशवीत नव्हतं. मी विचारलं तर मावशी म्हणाली, “ते मांजलपूरला येणार. तुला फोनवर वाचून दाखवीन, रविवारी दुपारी. मला पण कुणाला तरी वाचून दाखवायचंच असतं.” काकांचं नाव तिने काढलं नाही.

काल तिसरा रविवार झाला. पाऊस अजून पडलेला नाही.