आमची वाटचाल : कीपॅडच्या फोनपासून अडकलेल्या जीमेलपर्यंत

बार्शीत आम्ही दुकान टाकलं तेव्हा कामं ठरलेली होती. नोकियाचा कीपॅड बदलायचा, स्पीकर टाकायचा, चार्जिंगची पिन बसवायची, पावसात भिजलेला फोन उघडून साफ करायचा. सिक्युरिटी कोड लागलेला फोन आला तर केबल लावून गिऱ्हाइकाचा चहा होईपर्यंत मोकळा करून द्यायचो. फोन ज्याच्या हातात तो त्याचाच, असं धरून सगळी लाइन चालायची. चोरीचा फोनही तितक्याच सहज उघडायचा, याची बोच मात्र तेव्हापासून होती.

२०१५ मध्ये अँड्रॉइड ५.१ आलं आणि त्याच्यासोबत फॅक्टरी रीसेट प्रोटेक्शन, म्हणजे आमच्या लाइनमधलं एफआरपी. गिऱ्हाईक येऊन एवढंच सांगतं, ‘फॉरमॅट मारला, आता जीमेल मागतोय.’ फोनच्या मेमरीत एक छोटा कप्पा असा असतो की रीसेट मारला तरी तो पुसला जात नाही. या फोनवर आधी कुठलं गूगल खातं होतं, याची खूण त्यात राहते. सेटिंगमध्ये जाऊन, पिन टाकून रीसेट केला तर मालकानेच केला असं फोन मानतो आणि ही खूण काढून टाकतो. पॅटर्न विसरला म्हणून पॉवर आणि व्हॉल्यूमची बटणं दाबून रीसेट मारला, की फोन चोराच्या हातात आहे असंच तो धरून चालतो आणि जुनं खातं टाकल्याशिवाय पुढे जाऊ देत नाही. आयफोनला असं कुलूप २०१३ पासून, आयओएस ७ पासून आहे.

हे कुलूप चांगलं आहे, असं मी पहिल्यापासून म्हणत आलोय. अडचण किल्लीची होती. २०१६ च्या सप्टेंबरात जिओ सुरू झालं आणि वैराग, भूम, परांड्याकडच्या गावांतून लोक पहिला स्मार्टफोन घ्यायला येऊ लागले. फोन चालू करताना जीमेल लागतं. मग कुठल्याही काउंटरवरचा पोरगा दोन मिनिटांत खातं बनवून द्यायचा, पासवर्ड स्वतःच्या मनाने टाकायचा आणि फोन पिशवीत घालून हातात द्यायचा. आपल्या नावाचं खातं आहे, हे मालकाला माहीतच नसायचं. पुढे घरातल्या लेकराने पॅटर्न बदलायचा, पुतण्याने बटणं दाबून रीसेट मारायचा, की चालता फोन ठप्प.

तेव्हा बाजारात एफआरपी तोडून देणारे खूप झाले. टॉकबॅक, म्हणजे अंधांसाठी स्क्रीन वाचून दाखवणारी सोय, चालू करून कुठूनतरी ब्राउझरमध्ये शिरायचं, कसलीतरी एपीके, म्हणजे बाहेरून टाकायच्या ॲपची फाइल टाकायची, नाहीतर दुरुस्तीचं यंत्र जोडून फ्लॅश मारायचा, म्हणजे फोनचं सॉफ्टवेअर नव्याने भरायचं. पैसा त्यात होता, पण आम्ही त्या वाटेला गेलो नाही. एक तर फोन कोणाचा हे न विचारता उघडणं माझ्या मनाला पटत नाही. दुसरं, असल्या फाइलबरोबर फोनमध्ये काय शिरलं हे उघडणाऱ्यालाही कळत नाही, आणि त्याच फोनवर माणूस बँकेचं ॲप चालवतो. त्यातून खातं तर परत मिळतच नाही. आता अँड्रॉइड १५ पासून सेटअप असा चुकवला तरी फोन पुन्हा खातं मागत बसतो. म्हणून आम्ही ठरवलं, मालकाला त्याचं खातं मिळवून द्यायचं, लॉक आपोआप सुटतो.

हे काम माझी बायको बघते. लोक तिच्याशी मोकळं बोलतात, आणि इथे बोलण्यावरच सगळं आहे. तुरीच्या हंगामात एक मळणी मशीनवाले मामा आले होते. फोन मुलाने रीसेट मारलेला. गावोगावच्या गिऱ्हाइकांचे नंबर त्यातच, आणि मशीन दारात उभी. जीमेल कुठलं, माहीत नाही. पासवर्ड, माहीत नाही. अलीकडच्या फोनमध्ये रीसेटआधीचा पॅटर्न टाकूनही पुढे जाता येतं, पण तोही आठवेना. बायकोने विचारलं, ‘मामा, सिम कुठंय?’ सिम भावाच्या फोनमध्ये चालू होतं. काम तिथेच निम्मं झालं.

गूगलच्या ‘ईमेल विसरलात?’ या पानावर खात्याला जोडलेला मोबाइल नंबर आणि खात्यावरचं पूर्ण नाव टाकावं लागतं. नाव, आडनाव टाकलं, खातं सापडेना. इंग्रजी स्पेलिंग बदलून पाहिलं, तरी नाही. मग तिने विचारलं, फोन घेतला तेव्हा दुकानात काय काय विचारलं होतं? मामा म्हणाले, ‘नाव इचारलं अन् गाव इचारलं.’ तिने आडनावाच्या जागी गावाचं नाव टाकलं आणि खातं समोर आलं. भावाच्या फोनवर कोड आला, नवा पासवर्ड मामांनी स्वतः ठरवला. पासवर्ड नुकता बदलला असेल तर फोन २४ तास थांबायला लावू शकतो. त्यामुळे फोन रात्रभर ठेवून घेतला. दुसऱ्या दिवशी मामा काउंटरपाशी उभे असतानाच नंबर एकेक करून उतरायला लागले. नंबर खात्यात सेव्ह होते म्हणून आले. मामांनी पहिला फोन तिथूनच लावला, मळणीची वेळ सांगायला.

प्रत्येकाचं असं होत नाही, आणि ते आम्ही आधीच स्पष्ट सांगतो. रीसेट झालेल्या फोनमधले फोटो परत काढून देतो असं कोणी म्हणत असेल तर पैसे देऊ नका. आताच्या फोनमधला डेटा एन्क्रिप्टेड, म्हणजे कुलूपबंद असतो आणि रीसेटमध्ये त्याची किल्लीच नष्ट होते. गूगल फोटोजवर बॅकअप असेल तर खात्याबरोबर येतात, मेमरी कार्डवर असतील तर बहुतेक वेळा कार्डात असतात, नाहीतर नाही. जुना नंबर बंद पडून दुसऱ्याला गेला असेल तरी अडतं. अशा वेळी पक्कं बिल, आयएमईआय, म्हणजे फोनचा १५ आकडी ओळख नंबर, छापलेला खोका आणि ओळखपत्र घेऊन कंपनीच्या अधिकृत सर्व्हिस सेंटरला आम्ही सोलापूरला पाठवतो. बऱ्याच कंपन्या मालकीची खात्री करून लॉक काढून देतात.

बिल नसलेला फोन आला की आम्ही आधी आयएमईआय तपासतो. इंग्रजीत KYM लिहून, जागा सोडून आयएमईआय टाकून १४४२२ वर मेसेज केला की फोन ब्लॅकलिस्ट आहे का, म्हणजे बंद केलेल्या फोनच्या यादीत आहे का, ते कळतं. हरवलेला फोन बंद करायची ही सीईआयआर व्यवस्था २०१९ च्या सप्टेंबरात आपल्या महाराष्ट्रातच आधी सुरू झाली. २०२३ च्या मे महिन्यात संचार साथी या सरकारी पोर्टलमधून देशभर आली. फोन ब्लॅकलिस्ट निघाला तर आम्ही हात लावत नाही, सरळ पोलिसांकडे जायला सांगतो. हप्त्यावर घेतलेल्या फोनचा फायनान्सवाल्यांनी लावलेला लॉकही काढत नाही. यामुळे काही गिऱ्हाइकं समोरच्या गल्लीत गेली, तोंडावर बोलूनही गेली. पण तालुक्यातले सेकंडहँड फोन घेणारे आता सौद्याआधी आमच्याकडे फोन तपासायला आणतात, आणि धंद्याचा तो भाग दरवर्षी वाढतोय.

नवा फोन आमच्याकडून घेतला तर खातं गिऱ्हाइकाने आमच्यासमोर स्वतः बनवायचं, हा दुकानाचा नियम आहे. पासवर्ड त्याचा, नाव त्याचं खरं, रिकव्हरीला घरातला दुसरा नंबरही जोडायचा. वहीच्या जाड कागदावर ईमेल आणि पासवर्ड त्याच्याच अक्षरात लिहून घ्यायचा आणि कागद रेशनकार्डाच्या पिशवीत ठेवायला सांगायचा. ज्याला जमेल त्याला अडीनडीला खात्यात शिरायचे गूगलचे दहा बॅकअप कोडही छापून देतो. वेळ जातो, मागे रांग लागते, तरी हे आम्ही सोडत नाही.

फोन अडकला असेल तर घरी पुन्हा पुन्हा पासवर्ड टाकून बघू नका. फोन, त्यातलं सिम, बिल सापडलं तर बिल, आणि फोन घेताना जो सोबत होता तो माणूस, एवढं घेऊन या. खातं मिळालं नाही तर आम्ही पैसे घेत नाही.