भिडे कधी वरडले काय?

"ते का वरडायलंय रे एवढं? भिडे कधी वरडले काय?"

खडेबाजारात चहा घेत होतो, टीव्हीवर कुठलंतरी चॅनेल तापलेलं, आणि शेजारचे काका एकदम असं बोलले. पोऱ्यानं आवाज बारीक केला तर मागचं टेबल कुरकुरायला लागलं.

भिडे म्हणजे दूरदर्शनवर मराठी बातम्या वाचणारे प्रदीप भिडे, ७ जून २०२२ ला गेले. पूर येऊदे नायतर सरकार पडूदे, काका म्हणाले, सूर एकच, बातमी ऐकून घाबरायचं का नाही ते आपलं आपण ठरवायचं. हे मात्र डोक्यात अडकलं बघा. आम्हा बेळगावकरांना तर ऑफिसात कन्नड, बाजारात मिसळ भाषा, नीट मराठी कानावर पडायची ती ह्या बातम्यांतच.

आत्ता तसं शांतपणे कोण वाचलं तर आपण चॅनेल बदलणार नाही काय?